आदेशातला शब्द आणि पोचेची तारीख: पुण्यात सरकारी नोकरीवरून काढलं तर पहिल्या दिवसापासून काय करायचं

नोकरीवरून काढल्याचा आदेश हातात पडला की माणूस तो वाचत नाही. विषय बघतो, शेवटचा परिच्छेद बघतो, खाली सही कोणाची ते बघतो आणि घडी घालून खिशात टाकतो. मग भावाला फोन, युनियनवाल्याला फोन, ओळखीच्या माजी नगरसेवकाला फोन. आदेश खिशातच. मी अठ्ठावीस वर्षं आस्थापनेच्या टेबलावर काढली, म्हणजे असले आदेश टंकून साहेबांपुढे ठेवणाऱ्या बाजूला होतो. निवृत्त झाल्यापासून रविवारी सकाळी चहाबरोबर लोकांचे कागद बघून देतो. दोन्ही बाजूंनी बघून माझं एक मत पक्कं झालं आहे. यात निम्मं प्रकरण दोन गोष्टींवर ठरतं: आदेशात कोणता शब्द वापरलाय आणि तो तुम्हाला कोणत्या तारखेला मिळाला. बाकीचं त्यामागून येतं.

हा लेख ज्यांनी कोर्टाची पायरी कधी चढलेली नाही त्यांच्यासाठी आहे. क्रमाने जाऊ.

पहिली पायरी: आदेश घ्या, तारीख घाला, पाकीट ठेवा

आदेश घ्यायला नकार देऊ नका. घेतला नाही तर लागू होत नाही, असा एक समज सगळ्या कार्यालयांत फिरत असतो. माझ्याकडे एक बाई आल्या होत्या. त्यांच्या यजमानांनी शिपायाला तीनदा परत पाठवलं. चौथ्या वेळी शिपाई दोन पंचांना घेऊन आला, दाराला आदेश चिकटवला आणि पंचनामा करून गेला. आदेश त्या दिवसापासून लागू झाला आणि मुदतही त्याच दिवसापासून चालू झाली. यजमान मात्र आपण जिंकलो या समजुतीत दीड महिना घरी बसले.

तेव्हा आदेश घ्या आणि कार्यालयीन प्रतीवर 'आज रोजी मिळाला, मजकूर मान्य नाही' असं लिहून तारखेसह सही करा. पोस्टाने आला असेल तर पाकीट फेकू नका, पोस्टाचा शिक्का हा पुरावा असतो. आदेशाच्या पाठीमागे पेन्सिलीने मिळाल्याची तारीख लिहा आणि त्याखाली त्यापुढचा ४५ वा दिवस मोजून लिहा. का, ते पुढे येईल.

दुसरी पायरी: शब्द वाचा

राज्य सरकारी नोकराला महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू असतात. त्यातल्या नियम ५ मध्ये शिक्षांची यादी आहे. नोकरी जाते अशा शिक्षा तीनच: सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फी. बोलण्यात आपण तिन्हींना 'काढलं' म्हणतो. पेन्शनच्या हिशेबात मात्र तिघांमध्ये जमीन-अस्मानाचा फरक आहे.

बडतर्फी किंवा काढून टाकणे असेल तर निवृत्तिवेतन नियम, १९८२ च्या नियम ४५ प्रमाणे आधीची सगळी सेवा जप्त होते. सव्वीस वर्षं केलेली नोकरी पेन्शनपुरती शून्य. शिल्लक रजाही जाते. या दोघांमधला फरक एवढाच की काढून टाकलेला माणूस पुन्हा सरकारी नोकरीला अपात्र ठरत नाही, बडतर्फ झालेला सर्वसाधारणपणे ठरतो. सक्तीची सेवानिवृत्ती ही शिक्षाच, पण तिच्यात सेवा जिवंत राहते. नियम १०० प्रमाणे पेन्शन पूर्ण रकमेच्या दोन तृतीयांशाहून कमी देता येत नाही.

आकड्यात बघा. समजा आज सरळ निवृत्त झालात तर मूळ पेन्शन २४,००० रुपये बसली असती. सक्तीच्या सेवानिवृत्तीत ती १६,००० ते २४,००० च्या दरम्यान ठरेल. बडतर्फीत काहीच नाही. फक्त नियम १०१ खाली अनुकंपा निवृत्तिवेतन मिळू शकतं, तेही जास्तीत जास्त दोन तृतीयांशापर्यंत. पण तो हक्क नाही, मर्जी आहे. ती मागावी लागते: सेवा किती, आधीचा अभिलेख कसा, घरी कमावणारं कोण, हे सगळं मांडून. लोक मागतच नाहीत, कारण 'आपण निर्दोष आहोत, मग दया का मागायची?' बाणेदारपणा चांगला आहे, पण अपिलात मूळ मागणी म्हणून 'आदेश रद्द करा' आणि पर्यायी मागणी म्हणून 'तसं न झाल्यास शिक्षा सौम्य करून सक्तीची सेवानिवृत्ती द्या, तेही न झाल्यास अनुकंपा निवृत्तिवेतन द्या' असं तिन्ही लिहिता येतं. त्याने पहिल्या मागणीला कमीपणा येत नाही.

आता यादीबाहेरचे शब्द. 'सेवेतून कमी करण्यात येत आहे', 'कार्यमुक्त करण्यात येत आहे', 'सेवा समाप्त करण्यात येत आहे'. हे शब्द शिक्षांच्या यादीत नाहीत. परिविक्षाधीन (प्रोबेशनवरच्या) किंवा अस्थायी माणसासाठी सेवासमाप्ती हा शब्द चालतो, कायम माणसासाठी नाही. आणि परिविक्षेतल्या माणसालाही गैरवर्तनाचा ठपका ठेवून काढायचं असेल तर चौकशी लागतेच. आदेश वरवर साधा दिसला तरी न्यायालय त्यामागचं खरं कारण बघतं.

एक कबुली देतो. कार्यालयाचं नाव सांगत नाही. चोवीस वर्षं नोकरी झालेल्या एका वाहनचालकाच्या आदेशात मीच 'सेवेतून कमी करण्यात येत आहे' असं टंकलं होतं. आधीच्या नस्तीत, म्हणजे फाईलमध्ये होतं, तेच उतरवलं. साहेबांनीही सही केली. मग पेन्शनच्या टेबलाने विचारलं, हे कोणत्या नियमाखाली? ना धड बडतर्फी, ना धड निवृत्ती. फाईल वर गेली, खाली आली, पुन्हा वर गेली. अपिलात शेवटी सक्तीची सेवानिवृत्ती असा शब्द पडला आणि त्या माणसाची पेन्शन सुरू झाली. मध्ये सव्वादोन वर्षं गेली होती आणि त्याने रिक्षा चालवायला घेतली होती. तेव्हापासून मी कोणाचाही आदेश हातात घेतला की आधी क्रियापदाखाली रेघ मारतो.

५० किंवा ५५ वर्षांच्या पुनर्विलोकनात तीन महिन्यांची नोटीस देऊन घरी बसवलं असेल तर ती शिक्षा नव्हे. ती मुदतपूर्व सेवानिवृत्ती. तिच्यात सेवेनुसार बसणारी पेन्शन मिळते, कपात नाही. आव्हान तिलाही देता येतं, पण कारणं वेगळी असतात.

आणि एक सापळा. चौकशी चालू असताना कोणीतरी हितचिंतक कानात सांगतो, 'राजीनामा दे, सगळं मिटवून टाकू.' निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम ४६ प्रमाणे राजीनाम्यानेही मागची सेवा जाते. वीस वर्षं सेवा झाली असेल तर स्वेच्छानिवृत्ती हा वेगळा अर्ज आहे, त्यात पेन्शन राहते. कागदावर फरक एका शब्दाचा. चौकशी डोक्यावर असताना तो मंजूर होईलच असं नाही, पण अर्ज करायचाच तर त्या शब्दाचा करा.

तिसरी पायरी: तुम्ही नेमके कोणाचे नोकर?

पुण्यात हा प्रश्न वाटतो तेवढा सोपा नाही. एकाच चाळीत एक जण जिल्हाधिकारी कार्यालयात, दुसरा महापालिकेत, तिसरा जिल्हा परिषदेत, चौथा खडकीच्या कारखान्यात आणि पाचवी अनुदानित शाळेत. पाचही जण स्वतःला सरकारी नोकर म्हणतात आणि पाचही जणांचा दरवाजा वेगळा.

राज्य शासनाचे नोकर, म्हणजे महसूल, पोलिस, सार्वजनिक बांधकाम, आरोग्य सेवा वगैरे: आधी खात्यात अपील, मग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. सगळे त्याला मॅट म्हणतात. १९९१ मध्ये ते सुरू झालं. खंडपीठं मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहेत. पुण्याला नाही. पुणेकरांनी मुंबईला जायचं.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटमध्ये जात नाहीत, हे ऐकून पुष्कळांना धक्का बसतो. त्यांचे शिस्त व अपील नियम वेगळे आहेत, १९६४ चे. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशावरचं अपील विभागीय आयुक्तांकडे जातं, त्यानंतर थेट उच्च न्यायालय. मध्यंतरी एका ग्रामसेवकाने चुकीच्या दारात आठ महिने घालवले, कारण त्याच्या मेहुण्याचं काम मॅटमध्ये झालं होतं. मेहुणा तलाठी होता.

महापालिका, पीएमपी आणि एसटी: इथे कामगार या व्याख्येत बसणाऱ्यांसाठी कामगार न्यायालय. अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा आपला १९७१ चा राज्य कायदा आहे, त्याखाली तक्रार ९० दिवसांत करायची असते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राची औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे, म्हणून वकिलाला पहिला प्रश्न हाच विचारा की माझी तक्रार कोणत्या कायद्याखाली आणि कोणत्या मुदतीत बसते. एसटीवाल्यांनी आणखी एक ध्यानात घ्यावं: त्यांची पेन्शन राज्य सरकारची नव्हे. ती भविष्य निर्वाह निधी संघटनेच्या १९९५ च्या योजनेतली. सेवा जप्त होण्याचा नियम ४५ तिथे नाही.

खाजगी अनुदानित शाळेतले शिक्षक आणि शिक्षकेतर: १९७७ च्या कायद्याच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरण. मुदत फक्त ३० दिवस. संलग्न महाविद्यालयांतल्यांनाही विद्यापीठ कायद्याखालच्या न्यायाधिकरणाकडे ३० दिवसांतच जायचं असतं. शाळेतली माणसं हमखास मुदत चुकवतात, कारण संस्थाचालक 'पुढच्या मीटिंगमध्ये बघू' म्हणतात आणि पुढची मीटिंग एकतिसाव्या दिवशी असते.

केंद्राचे नोकर: त्यांचे १९६५ चे शिस्त नियम, अपील ४५ दिवसांत, नंतर केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाचं मुंबई खंडपीठ. पुण्यात संरक्षण खात्यातले नागरी कर्मचारी भरपूर. संरक्षण खात्याच्या पैशातून पगार घेणाऱ्यांना घटनेच्या अनुच्छेद ३११ चं, म्हणजे नेमणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याने किंवा चौकशीविना न काढण्याचं, थेट संरक्षण मिळत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्येच ठरवलं आहे. पण म्हणून ते उघड्यावर पडत नाहीत. १९६५ च्या नियमांतली चौकशीची पद्धत त्यांनाही लागू आहे, आणि अर्जात आधार तिचाच घ्यायचा. गणवेशातल्या जवानांचं सगळंच वेगळं, त्यांच्यासाठी सशस्त्र दल न्यायाधिकरण आहे.

चौथी पायरी: कागद

वकिलाकडे जाण्याआधी हे करा. नंतर केलंत तर फी देऊन तो तुम्हाला याच कामाला पाठवेल.

नेमणुकीचा आदेश, कायम केल्याचा आदेश, निलंबनाचा आदेश, दोषारोपपत्र त्याच्या सर्व जोडपत्रांसह, तुमचं उत्तर, चौकशीचा रोजनामा, साक्षीदारांचे जबाब, चौकशी अहवाल, अंतिम कारणे दाखवा नोटीस, शिक्षेचा आदेश. जे नाही ते माहिती अधिकारात मागा. अर्जाला १० रुपये, प्रतीला पानामागे २ रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. अर्जात 'माझ्या प्रकरणाची संपूर्ण माहिती' असं लिहू नका. 'माझ्या विभागीय चौकशीच्या नस्तीतील टिपणी भागाच्या व पत्रव्यवहार भागाच्या सर्व पृष्ठांच्या साक्षांकित प्रती' असं लिहा. टिपणी भाग म्हणजे हिरव्या कागदावरचा आमचा कारकुनी संवाद. खरी गंमत तिथे असते. कोणी आधीच 'बडतर्फ करणे योग्य राहील' असं लिहून ठेवलं असेल आणि तुमचं उत्तर त्यानंतरच्या तारखेला आलं असेल, तर ते पान सोन्याचं.

यात सेवा पुस्तकाची पूर्ण प्रत मागायला विसरू नका. मूळ पुस्तक तुम्हाला मिळणार नाही, पण प्रत मिळते. ती आली की टेबलावर पसरून वर्षवार बघा. दरवर्षी 'सेवा पडताळणी केली' असा शेरा आणि सही हवी. बदलीच्या वर्षांत हमखास खाडा असतो: जुनं कार्यालय म्हणतं नव्याने करायची, नवं म्हणतं जुन्याने. पे कमिशनच्या प्रत्येक वेतननिश्चितीवर वेतन पडताळणी पथकाचा शिक्का आहे का तेही बघा. एका शिपाईमामांच्या पुस्तकात १९९६ ते १९९८ ची दोन पानं चिकटलेली होती, कधीतरी चहा सांडला असावा. मामा ती उलगडू देईनात, फाटतील म्हणून. वाफ दाखवून सोडवली तर आत पडताळणीचा शेरा व्यवस्थित होता. ती दोन वर्षं धरली म्हणून त्यांची सेवा दहा वर्षांच्या वर गेली, आणि दहा वर्षं अर्हताकारी (पेन्शनसाठी धरली जाणारी) सेवा झाल्याशिवाय पेन्शनच बसत नाही.

पाचवी पायरी: आदेशात भोकं कुठे आहेत?

'माझ्यावर अन्याय झाला' हे कारण नव्हे. कारण असं असतं:

सही करणारा अधिकारी तुम्हाला नेमणाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाचा आहे का? घटनेच्या अनुच्छेद ३११ (१) प्रमाणे तो असू शकत नाही. नेमणुकीचा आदेश काढून सही जुळवा. हे दोन मिनिटांचं काम आहे आणि कोणी करत नाही.

चौकशी झाली का? दोषारोपपत्र, साक्षीदार, उलटतपासणीची संधी? चौकशीविना काढण्याची मुभा अपवादात्मक आहे: फौजदारी खटल्यात शिक्षा झाली असेल, चौकशी घेणं व्यवहार्य नसल्याची कारणं लेखी नोंदवली असतील, किंवा राज्याच्या सुरक्षेचा प्रश्न असेल. लाचलुचपतच्या सापळ्यात पकडलं आणि ४८ तासांपेक्षा जास्त कोठडी झाली तर निलंबन आपोआप होतं, पण बडतर्फी आपोआप होत नाही.

चौकशी अहवालाची प्रत शिक्षेआधी मिळाली का? १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती देणं बंधनकारक केलं आणि १९९३ मध्ये ते कायम केलं. नुसती नोटीस आली आणि अहवाल जोडलेला नव्हता, असं मी किती वेळा पाहिलंय ते विचारू नका. मात्र प्रत न मिळाल्याने तुमचं काय नुकसान झालं हेही सांगावं लागतं.

जात पडताळणीत दावा अवैध ठरून नोकरी गेलेल्यांचं गणित निराळं आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या निकालानंतर संरक्षण आटलं, मग २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने त्यांच्यासाठी अधिसंख्य (मंजूर संख्येहून जादा) पदं आली. त्यांनी हा लेख बाजूला ठेवून त्या शासन निर्णयापासून आणि त्यानंतरच्या निर्णयांपासून सुरुवात करावी.

सहावी पायरी: अपील

राज्य नोकरांना मुदत ४५ दिवस. म्हणून ती पेन्सिलीची तारीख. अपील वरिष्ठ प्राधिकाऱ्याकडे करायचं आणि एक प्रत आदेश काढणाऱ्याला द्यायची. दोन्हीकडे आवक शाखेत पोच घ्या. पोच म्हणजे गोल शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख. नुसती आडवी सही म्हणजे पोच नव्हे.

भाषा थंड ठेवा. अपिलात अनादराची भाषा नसावी असं नियमच सांगतो, आणि साहेबांचे उद्योग उघड करण्याची ही जागा नाही. एका परिच्छेदात एक मुद्दा, त्यासमोर कागदाचा पृष्ठ क्रमांक. शेवटी त्या तीन मागण्या.

उत्तर येत नाही. हे गृहीतच धरा. मग माणसं स्मरणपत्रं पाठवतात. पहिलं स्मरणपत्र, दुसरं, तिसरं, मग मंत्र्यांच्या शिफारशीचं पत्र. १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी सांगून ठेवलंय की पुन्हापुन्हा निवेदनं देऊन मुदत वाढत नाही. अपील दाखल करून सहा महिने झाले आणि निकाल नाही, की मॅटचं दार उघडतं. तिथून पुढे एक वर्ष. अपिलाचा निकाल लागला तर त्या तारखेपासून एक वर्ष. उशीर माफ करून घेता येतो, पण त्यासाठी वेगळा अर्ज आणि खरं कारण लागतं. 'साहेबांनी तोंडी आश्वासन दिलं होतं' हे कारण चालत नाही.

सातवी पायरी: मुंबई

मॅटमधला अर्ज म्हणजे मूळ अर्ज, वकील त्याला ओए म्हणतात. वकील लावलाच पाहिजे असं नाही, स्वतः उभं राहता येतं. तरी माझा सल्ला वकील लावण्याचाच, आणि तोही सेवाविषयक प्रकरणं करणारा. शिवाजीनगर कोर्टात जमिनीचे दावे उत्तम लढणारा वकील इथे चाचपडतो. पैशाची अडचण असेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

तारखेला सकाळी ७.१५ ची डेक्कन क्वीन धरणारी अर्धी गर्दी आपल्याचसारखी असते. वकील असेल तर प्रत्येक तारखेला जायची गरज नाही. पहिल्या तारखेला आणि अंतिम सुनावणीला जा. मॅटच्या निकालावर उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या पीठाकडे जाता येतं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं, पण त्यात सातारा, सांगली, सोलापूर आहेत, पुणे नाही. आपलं उच्च न्यायालय मुंबईच.

मधल्या काळात घर कसं चालवायचं?

अजून निलंबनच असेल तर निर्वाह भत्ता हा हक्क आहे: अर्धवेतनी रजेच्या वेतनाएवढी रक्कम आणि त्यावर महागाई भत्ता. दर महिन्याला 'अन्यत्र नोकरी करत नाही' असं प्रमाणपत्र द्यावं लागतं. तीन महिन्यांनंतर लांबण्याचं कारण तुम्ही नसाल तर भत्ता वाढवून मागा. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नसेल तर निलंबन पुढे चालवता येत नाही, असं ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय सांगतो. त्याची प्रत जोडून अर्ज करा.

बडतर्फ झालात तरी काही पैसे तुमचेच. भविष्य निर्वाह निधीची साठलेली रक्कम आणि गटविम्याची बचत शिक्षेने जप्त होत नाही. १ नोव्हेंबर २००५ ला किंवा नंतर लागलेल्यांच्या राष्ट्रीय पेन्शन खात्यातली शिल्लकही त्यांचीच राहते, फक्त ती काढण्याचे नियम मुदतपूर्व बाहेर पडणाऱ्याचे लागतात आणि मोठा भाग वार्षिकीत (ॲन्युइटीत) अडकतो. नोव्हेंबर २००५ च्या आधीच्या जाहिरातीवर निवड होऊन नंतर रुजू झालेल्यांना २ फेब्रुवारी २०२४ च्या निर्णयाने जुन्या पेन्शनचा एकवेळचा पर्याय मिळाला होता. तो दिला होता का, हे सेवा पुस्तकात बघा.

निवृत्ती आली आणि चौकशी संपलीच नाही, तर?

पेन्शन अडवून ठेवता येत नाही. निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम १३० खाली तात्पुरतं निवृत्तिवेतन द्यावंच लागतं. उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र निकालापर्यंत थांबतं. निवृत्तीनंतर नवीन चौकशी काढायची तर नियम २७ प्रमाणे शासनाची मंजुरी हवी आणि घटना चार वर्षांहून जुनी नको. 'जुनं प्रकरण आहे, चौकशी लावायची आहे, म्हणून पेन्शन थांबवली' असं तोंडी सांगितलं तर लेखी मागा. बहुतेक वेळा लेखी येत नाही आणि फाईल हलते. सर्वोच्च न्यायालयाच्या १७ डिसेंबर १९८२ च्या नकारा निकालापासून पेन्शन ही बक्षिशी नाही हे ठरलेलं आहे. पेन्शनर दिन त्याच तारखेला असतो. २०१३ च्या झारखंडच्या प्रकरणात नियमाचा आधार नसताना पेन्शन व उपदान रोखणं म्हणजे मालमत्ता हिरावणं, असंही सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं. विनाकारण उशीर झाला तर नियम १२९-अ आणि १२९-ब खाली व्याज मागता येतं. मागितल्याशिवाय कोणी देत नाही.

आणखी एक: वेतन पडताळणीत 'जादा प्रदान' निघालं म्हणून उपदानातून वसुली लावली असेल, आणि तुम्ही गट क किंवा ड मध्ये असाल, तर डिसेंबर २०१४ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वकिलाला दाखवा. चूक कार्यालयाची असेल तर अशी वसुली करता येत नाही.

कमी पेन्शनची तक्रार वर्षानंतरही करता येते, कारण नुकसान दर महिन्याला नव्याने होतं. थकबाकी मात्र साधारण मागच्या तीन वर्षांचीच मिळते.

प्रकरण चालू असताना माणूस गेला तर घरच्यांनी हात टेकू नयेत. निलंबनात आणि चौकशी पूर्ण होण्याआधी मृत्यू झाला तर निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरतात, भत्ता वजा करून पूर्ण वेतन मिळतं आणि कुटुंब निवृत्तिवेतनाचा रस्ता मोकळा होतो. नियम आहे, निलंबन-बडतर्फीच्या काळातल्या प्रदानांच्या १९८१ च्या नियमांतला ७२. बडतर्फीनंतर मृत्यू झाला असेल तर वारसांनी मॅटमधला अर्ज पुढे चालवायचा.

जिंकल्यानंतर

आदेश रद्द झाला म्हणजे पैसे खात्यात आले असं नव्हे. पुनःस्थापनेच्या आदेशात बाहेर राहिलेला काळ कसा धरायचा हे त्याच १९८१ च्या नियमांतल्या नियम ७० खाली स्पष्ट लिहून घ्या: कर्तव्यकाळ, की अन्य. तेवढं एक वाक्य राहिलं तर पुढे पेन्शनची सेवा तितकी कमी भरते. मागील वेतनासाठी, या काळात आपण दुसरीकडे नोकरीवर नव्हतो, हे मूळ अर्जातच लिहिलेलं असावं. महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असं म्हटलं की चुकीने काढलेल्याला मागील वेतन मिळणं हा सर्वसाधारण नियम आहे, आणि तुम्ही तेवढं सांगितलंत की तुम्ही कमावत होतात हे दाखवण्याचा भार मालकावर येतो.

मग पेन्शन प्रकरण: कार्यालयातून मुंबईच्या महालेखापालांकडे, तिथून प्रदान आदेश पुण्याच्या कोषागारात. महापालिका आणि जिल्हा परिषदेचं आपापल्या घरातच होतं. मुंबईहून प्रकरण परत येण्याची कारणं क्वचितच मोठी असतात. नावाचं स्पेलिंग, जन्मतारखेतली खाडाखोड, ना-चौकशी प्रमाणपत्र जोडलेलं नाही, आणि सगळ्यात जास्त वेळा जोडीदारासोबतचा संयुक्त फोटो. तो फोटो स्टुडिओत जाऊन आत्ताच काढा. दोघांचे चेहरे समोर, टोपी-चष्मा नाही, चार प्रती. वाहनचालकाचं प्रकरण दुसऱ्यांदा परत आलं ते ह्याच फोटोसाठी, आणि त्यांच्या बायकोने त्या दिवशी मला फोनवर विचारलं होतं, 'भाऊ, लग्नातला चालेल का?'